वाट देणारा माणूस

१

सिनेमात मधेच जुन्या काळची खरीखुरी दृश्यं येतात. बंदरावरची गर्दी, पुरात बुडालेला रस्ता, शाळा सुटल्यावर धावणारी पोरं. लोकांना वाटतं, ती कुठूनतरी आपोआप येतात. ती आमच्याकडून जातात. जुन्या फिल्मचं एक भांडार आहे, आणि त्याच्या तळघरात बसून मी फिल्म तपासतो. माझे केस काळे होते तेव्हापासून हेच करतो आहे. निवृत्त झालो तेव्हा हार घालून घरी पाठवलं होतं, पण हाताने काम करणारं दुसरं कुणी मिळेना म्हणून पुन्हा बोलावलं. साहेब म्हणाले, काका, तुमचा हार वाया गेला.

माझी खोली लांबट आहे. खिडकी नाही. दार एकच, आणि टेबलाशी बसलं की ते डाव्या हाताला येतं. टेबलावर दोन्हीकडे रीळ अडकवायच्या दांड्या आणि मधे पुस्तकाएवढा काचेचा पडदा असलेलं यंत्र. हँडल फिरवलं की पडद्यावर चित्र चालतं, हात थांबवला की चित्र थांबतं. वीज लागते ती फक्त दिव्याला, बाकी सगळा माझा दंड.

काम रोजचं, ठरलेलं. डबा उघडायचा. आंबूस वास आला तर फिल्म आजारी आहे असं समजायचं. पांढरे हातमोजे घालायचे, कडेची भोकं बोटाने चाचपायची, सांधे तपासायचे. मग अंग ठरवायचं. फिल्मला दोन अंगं असतात, एक चकचकीत आणि एक मंद. उलट्या अंगाने लावली की डाव्याचं उजवं होतं. जुन्या प्रतींमध्ये कुणी कसं छापलंय सांगता येत नाही, म्हणून चित्रातच खूण शोधावी लागते. दुकानाची पाटी दिसली तर प्रश्नच नाही. पाटी नसेल तर घड्याळ, सदऱ्याची बटणं, लिहिणाऱ्याचा हात. आमच्याकडून एकदा एक अख्खी पलटण डावखुरी होऊन गेली होती. सिनेमावाल्यांना पत्ता नव्हता, एका म्हाताऱ्या प्रेक्षकाने चिडून पत्र लिहिलं.

माझी लेक वरच्या मजल्यावर असते. सिनेमावाले सांगतात ते दृश्य भांडारातून शोधून काढायचं, ही तिची नोकरी. ऑफिसात तिला सगळे मॅडम म्हणतात, घरात ती ठमी. जावई कामानिमित्त दूर असतो, त्यामुळे ठमी आणि तिची लहान मुलगी माझ्याकडेच राहतात. संध्याकाळी ठमी आधी निघते, पाळणाघरातून पिल्लूला घेते आणि घरी जाते. मी मागाहून जातो. दार उघडायच्या आत पिल्लू आतून विचारते, कोण आहे, आणि मी म्हणतो, चोर. रोज तेच, आणि रोज ती खिदळते.

२

ते रीळ एका सिनेमावाल्या बाईसाठी काढलं होतं. तिला कारखाना सुटतानाची गर्दी हवी होती. ठमीने नेमकं शोधलं. मोठं फाटक, वर गोल घड्याळ, आणि फाटकातून बाहेर पडणारी माणसं. कुणी हसतंय, कुणी टोपी सारखी करतंय. फाटकाच्या डाव्या बाजूला, चित्राच्या अगदी कडेला, लांब कोट घातलेला एक माणूस उभा आहे. तो कुठे जात नाही. थोडा तिरका होऊन त्याने इतरांना वाट करून दिली आहे आणि एक हात पुढे केला आहे, आधी तुम्ही, असं म्हणावं तसा. तोंडावर सावली.

सिनेमावाल्या बाईला तोच फार आवडला. म्हणाली, एवढ्या धक्काबुक्कीत बघा कसा अदबीने उभा आहे.

मी घड्याळाकडे पाहिलं. आकडे उलटे होते. म्हणजे फिल्म उलट्या अंगाने लागली होती. असं होतंच. काढली, पलटली, पुन्हा ओवली आणि हँडल फिरवलं. आता आकडे सरळ दिसले. मघाशी गर्दी डावीकडे वळत होती, ती आता उजवीकडे वळू लागली. हातगाडी होती ती दुसऱ्या बाजूला गेली.

कोटवाला डावीकडेच होता.

मी हात थांबवला. मला वाटलं, आपण पलटायचं विसरलो. पण आकडे सरळ होते. पुन्हा काढली, पुन्हा पलटली. सगळं जग इकडचं तिकडे झालं, आणि तो तिथेच, डाव्या कडेला, हात पुढे करून.

तेव्हा भीती वाटली नाही. चष्म्याचा नंबर वाढला असेल असं वाटलं. फिल्म डब्यात घातली आणि चहा प्यायला वर गेलो.

३

माणसाचं डोकं स्वतःची समजूत काढायला फार हुशार असतं. माझ्याही डोक्याने काढली. म्हटलं, दोन कोटवाले असतील, फाटकाच्या दोन्ही बाजूंना एकेक, आणि चित्राची कड कापली गेल्यामुळे एका वेळी एकच दिसत असेल. दुसऱ्या दिवशी भिंग घेऊन फिल्मवरच पाहिलं. एकच होता.

साहेबांना खाली बोलावलं. त्यांनी वाकून पाहिलं आणि म्हणाले, दरवान आहे काका, दरवान दारातच उभा राहणार. मी पलटून दाखवलं. ते फोनवर कुणाशी तरी बोलत होते, मान हलवत राहिले. जाताना म्हणाले, या वयात सगळ्यांना सगळीकडे तोच तोच माणूस दिसतो, माझ्या सासऱ्यांना मी दिसतो.

त्याच आठवड्यात टेबल फिरवायची वेळ आली. छताला ओल धरली होती आणि थेंब नेमके यंत्रावर पडत. शिपायाने आणि मी मिळून टेबल उलट दिशेला फिरवलं. आता मी दुसऱ्या भिंतीकडे तोंड करून बसू लागलो, आणि दार उजव्या हाताला आलं.

सहज म्हणून ते रीळ लावलं. सहज नाही, खोटं कशाला बोलू. मला बघायचंच होतं.

तो उजवीकडे उभा होता.

मी कितीतरी वेळ हँडलवर हात ठेवून बसलो. मग हळूच उजवीकडे मान वळवली. दार होतं, नेहमीसारखं, थोडं उघडं. पलीकडे रिकामा बोळ आणि बोळाच्या टोकाला जिना. मी फिल्म काढली, डब्याचं झाकण दाबून बसवलं आणि शिपायाला म्हटलं, टेबल होतं तसं कर, थेंब पडले तर बादली ठेवू. तो माझ्याकडे बघतच राहिला.

वर गेलो. ठमीच्या संगणकावर त्याच दृश्याची नक्कल चालली होती. सिनेमावाल्या बाईला नेमकं कुठून कुठपर्यंत द्यायचं हे ठरत नव्हतं, त्यामुळे सकाळपासून संध्याकाळपर्यंत ठमी तेवढंच पुन्हा पुन्हा बघत होती. मी विचारलं, तो कोटवाला कुठल्या बाजूला आहे गं. ती म्हणाली, उजवीकडे, का.

तिच्या खोलीचं दार उजवीकडे आहे.

४

यानंतरचं सगळं इतकं बारीक होतं, की दुसऱ्या कुणाला सांगितलं असतं तर त्याने मलाच डॉक्टरकडे नेलं असतं.

ठमी दारात थांबू लागली. बाहेर पडायचं म्हणून उठायची, दारापर्यंत जायची, आणि अंग चोरून क्षणभर बाजूला उभी राहायची, समोरून कुणी येत असलं की आपण राहतो तशी. मग निघायची. ती मुळात भिडस्त. लहानपणी दुकानात तिच्यामागून आलेली माणसं सामान घेऊन जायची आणि ही पिशवी धरून उभीच. त्यामुळे पहिले काही दिवस मी लक्ष दिलं नाही.

मग घरीही सुरू झालं. स्वयंपाकघरातून ताट घेऊन निघाली की उंबऱ्याशी थांबायची. मी एकदा थट्टा केली, कोण मोठे पाहुणे आलेत. ती हसली आणि म्हणाली, अहो, तो माणूस जाऊ दे ना आधी. आणि स्वतःच दचकली. म्हणाली, काय बोलतेय मी, झोप झाली नाही नीट.

थांबणं वाढत गेलं. पिल्लूला घ्यायला उशीर होऊ लागला. पाळणाघरातल्या मावशी एकदा मला म्हणाल्या, आजोबा, तुमच्या मुलीला सांगा, बाकीची पोरं गेली की पिल्लू चप्पल घालून दाराशी बसते, बघवत नाही हो. मी ठमीला विचारलं. तिने मान खाली घातली. ऑफिसातून वेळेवर उठते, म्हणाली, पण निघता येत नाही. कुणीतरी दारात असतं. त्यांना धक्का देऊन कसं जायचं?

कोण असतं, विचारलं. तिने फार विचार केला. चेहरा आठवत नाही म्हणाली. पण फार सभ्य आहेत. तेही थांबलेले असतात, मी आधी जावं म्हणून. आणि मग बाबा, असं होतं की कुणीच जात नाही.

मी तिला म्हटलं, ते काम दुसऱ्याला दे. ती म्हणाली, आता संपलंच आहे.

५

शनिवारी अर्धा दिवस असतो. दुपारनंतर भांडारात कुणी थांबत नाही. सिनेमावाल्या बाईने दृश्य पसंत केलं होतं आणि प्रत सकाळीच तिच्याकडे गेली होती. ठमी रिळाचा डबा परत ठेवायला माझ्या खोलीत आली. डबा टेबलावर ठेवला, स्टुलावर बसली, दोन शब्द बोललो. शनिवारी पाळणाघरही लवकर बंद होतं, म्हणून मी म्हटलं, निघ तू.

ती पर्स घेऊन उठली, दाराशी गेली आणि बाजूला झाली. मी फिल्म पुसत होतो. बरंच पुसून झालं तरी ती तिथेच. मग परत येऊन स्टुलावर बसली. म्हणाली, जरा गर्दी आहे.

मी उठलो आणि तिच्यादेखत दारातून बाहेर गेलो. बोळ रिकामा होता. जिन्यावर वरच्या खिडकीचं ऊन पडलं होतं. आत येऊन म्हटलं, बघ, कुणी नाही. तिचा हात धरला आणि चालू लागलो. उंबऱ्याशी तिचं अंग एकदम ताठ झालं. मी ओढलं. मी काही पहिलवान नाही, पण तीही मूठभर आहे. तरी ती हलेना. तिचा खांदा मागे दबला, भरल्या गाडीत समोरच्याचा भार आपल्यावर आला की दबतो तसा. तिथे तर नुसती हवा होती.

"बाबा, नका ओढू," ती म्हणाली. "त्यांना लागेल."

मी हात सोडला.

मग तिचा फोन वाजला. पाळणाघरातल्या मावशी होत्या. बाकी सगळी मुलं गेली होती आणि त्यांना कुलूप लावून गावाला जायचं होतं. मागे पिल्लूचा आवाज येत होता. रडत नव्हती. आपलं काहीतरी गाणं म्हणत होती. ठमी आलेच म्हणाली, फोन ठेवला, दाराकडे गेली, थांबली, परत आली. पुन्हा गेली. पिंजऱ्यातलं जनावर करतं तशी ती त्या चार पावलांत ये-जा करू लागली, आणि दर वेळी उंबऱ्याशी येऊन अदबीने बाजूला व्हायची. तिच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि मान मात्र लवत होती, या या म्हटल्यासारखी.

मी म्हटलं, मी जातो पिल्लूला आणायला. ते ऐकून तिने माझा सदरा धरला. तिला या खोलीत एकटं सोडून मी जिना चढू शकलो नसतो, हे तिला कळलं आणि मलाही.

६

दुसरं काही सुचत नव्हतं म्हणून मी ते रीळ लावलं. निदान कुठे आहे ते बघू, एवढाच विचार. हँडल फिरवलं. फाटक आलं, घड्याळ आलं, गर्दी आली. डाव्या कडेला तो होता. मी त्याच्यावर नजर रोखून फिरवत राहिलो. माझी नजर हटत नव्हती तोवर तोही हटत नव्हता.

मागून ठमी म्हणाली, "गेले वाटतं."

अगदी साध्या आवाजात. पावलं दाराकडे गेली. माझा जीव भांड्यात पडला आणि मी मान वर करून पाहिलं. तिचा एक पाय उंबऱ्यावर होता. मी पाहिलं त्या क्षणी ती मागे सरली, पाठ भिंतीला टेकली, मान लवली.

दुसऱ्यांदाही तेच झालं. मनाशी घट्ट ठरवलं होतं, पण तिच्या चपलेचा आवाज उंबऱ्यावर आला आणि डोळे आपोआप तिकडे गेले. शाळेच्या पहिल्या दिवशी, लग्नात, पिल्लूच्या वेळी दवाखान्यात आत नेली तेव्हा, ती जाताना मी नेहमी शेवटपर्यंत बघत उभा राहिलो आहे. मानेला तीच सवय.

मी यंत्रावर आणखी वाकलो. पडद्याच्या दोन्ही बाजूंना हात धरले, घोड्याच्या डोळ्यांना झापडं लावतात तसे. पण मग हँडल फिरेना, आणि चित्र थांबू द्यायची माझी छाती नव्हती. शेवटी एक हात हँडलवर आणि एक गालाशी, असं केलं.

"ठमे," मी म्हटलं, "मी आता तुझ्याकडे बघणार नाही. तू चालत राहा. जिन्यावर थांबू नकोस, रस्त्यावर थांबू नकोस, एकदम पिल्लूपाशी जा."

"आणि तुम्ही?"

"मला हे रीळ गुंडाळून ठेवायला हवं ना."

तिने माझ्या खांद्यावर हात ठेवला. तो हात उचलला गेला तेव्हाही मी कोटाकडेच बघत होतो. कोटाला तीन बटणं. कोपराजवळ चुणी. पुढे केलेल्या हातात मोजा नव्हता. चपलांचा आवाज उंबऱ्यावर आला, उंबऱ्यापलीकडे गेला, बोळात गेला. डोळ्यांत पाणी दाटून चित्र पुसट व्हायला लागलं. मी पापणी लवू दिली नाही. जिना. एकेक पायरी. मग वरचं मोठं दार. मग काही नाही.

७

फिल्म संपत आली की हँडल उलटं फिरवायचं. उलटं फिरवलं की गर्दी पाठमोरी होऊन फाटकात परत शिरते, हसणारी माणसं हसू आवरून आत जातात. कोटवाल्याला उलटसुलट सारखंच. टोकापर्यंत गेलो, परत आलो, पुन्हा गेलो. किती वेळा ते ठाऊक नाही. दंड भरून आला. हात बदलला.

माझा फोन वाजला. चाचपून उचलला. पिल्लू होती. आजोबा, आई आली, म्हणाली, मी सगळ्यात शेवटी राहिले आणि मला दोन बिस्किटं मिळाली. मागे रस्त्याचा आवाज, गाड्या, कुणाचं तरी हसणं. असं उघड्यावरचं काही ऐकून मला इतकं बरं कधी वाटलं नव्हतं. मग ठमीने फोन घेतला. दारांतून नीट येता आलं, म्हणाली, एकाही दारात कुणी नव्हतं. तुम्ही निघालात ना?

मी म्हटलं, निघतोच. घरी जा, दार लावून घ्या. मला न्यायला येऊ नकोस, इथे खाली तर मुळीच नको. ती काहीतरी विचारत होती. मी फोन टेबलावर ठेवला. तिचा आवाज बारीक होऊन थोडा वेळ येत राहिला, मग थांबला.

आता ती पोहोचली होती. आता सोडायला हरकत नव्हती. आणि दंडाने तर माझं ऐकायचं कधीच सोडलं होतं. हँडल थांबलं. डोळे मिटले गेले. फार नाही, मोठा श्वास घ्यायला लागतो तेवढा वेळ.

उघडले तेव्हा चित्र तेच होतं. फाटक, घड्याळ, कारखान्याचं अंगण. डावी कड रिकामी होती. तिथे नुसती भिंत, तिच्यावरच्या विटा मोजता येतील इतकी स्वच्छ.

माझ्या डाव्या बाजूला कापड हललं. जाड कापड, लोकरीचं असावं. कुणीतरी बेताने बाजूला सरकल्यासारखं. यंत्राच्या काचेवर दिव्याच्या उजेडाबरोबर एका हाताची सावली पडली होती. खांद्यापासून निघून कोपरात थोडी वाकलेली, पुढे केलेली. मी त्या बाजूला मान वळवली नाही. अजूनही वळवलेली नाही.

समोर बघत राहिलो. हँडलला हात नव्हता, तरी गर्दी चालत होती. मग ती थांबली. चित्र थांबतं तशी नाही, माणसं थांबतात तशी, पुढच्याच्या पाठीला मागचा टेकून. हसणारे गप्प झाले. टोपीवाल्याने टोपी काढून हातात घेतली. आणि ते सगळे, बाया, पुरुष, हातगाडीवाला, दोन्हीकडे सरकून अंग चोरून उभे राहिले. फाटकाच्या मधोमध एका माणसापुरती वाट मोकळी झाली.

कुणी घाई करत नव्हतं. सगळ्यांच्या माना किंचित लवलेल्या होत्या. आयुष्यात मी कधी कुणाला ताटकळत ठेवलेलं नाही.